कंठ फुटल्यानंतरचे देणे

आठ-नऊ वर्षांच्या मुलाच्या गळ्यातून जो उंच, निर्मळ आणि कसल्याही प्रयासाचा मागमूस नसलेला स्वर उमटतो, तो निसर्गाने त्याला अल्प मुदतीच्या करारावर दिलेला असतो. चौदाव्या-पंधराव्या वर्षी कंठ फुटतो, वरचा षड्ज एकाएकी परका होतो, आणि ज्याच्या स्वराने कालपर्यंत शेकडो माणसांना जागच्या जागी खिळवून ठेवले, तो उद्यापासून चारचौघांसारखा एक मुलगा उरतो. ही गोष्ट इतकी सर्वविदित आहे की, ज्या ज्या संस्थांनी आजवर मुलांच्या स्वरावर आपले वैभव उभारले, त्या गिरिजाघरांना, राजदरबारांना, नाटक मंडळ्यांना आणि अलीकडच्या सरकारी समारंभांना तिची जाणीव नव्हती, असे म्हणण्यास जागा नाही. म्हणूनच अशा संस्थांची पारख त्यांच्या गायनाच्या माधुर्यावरून करण्यापेक्षा, कंठ फुटल्यानंतर त्या मुलाची त्यांनी कोणती तजवीज केली यावरून करावी, असे माझे मत आहे. मुलाचा स्वर हे संस्थेने काढलेले कर्ज आहे, आणि गायकवृंदाला जोडून उघडलेली शाळा ही त्या कर्जाची फेड आहे. ज्या नंदुरबार जिल्ह्यात पाहुण्यांच्या स्वागतासाठी आदिवासी मुलांच्या गाण्या-नाचण्याची फर्माईश दर समारंभाला होते, त्या जिल्ह्यात तरी हा हिशेब एकदा नीट मांडून पाहणे अगत्याचे आहे.

युरोपात हा हिशेब फार पूर्वी मांडला गेला. जर्मनीतील लाइपझिग शहरी संत थॉमसच्या नावाने १२१२ मध्ये जे मठगृह स्थापन झाले, त्याच्या आश्रयाने वाढलेला मुलांचा गायकवृंद आणि त्याची शाळा आजही चालू आहे. गाणाऱ्या गरीब मुलांना राहण्याची जागा, जेवण आणि विद्या द्यावयाची, आणि त्याच्या मोबदल्यात त्यांनी शहरातील प्रार्थनामंदिरांतून गावयाचे, असा तो उघड व्यवहार होता. शहरातील रस्त्यांवरून दारोदार गात फिरून ही मुले पैसेही गोळा करीत, आणि आपल्याकडील माधुकरीशी त्या प्रथेचे साम्य वाचकाच्या लक्षात आल्यावाचून राहणार नाही. १७२३ मध्ये या शाळेवर गायनप्रमुख म्हणून योहान सेबास्टियन बाख याची नेमणूक झाली आणि १७५० मध्ये मृत्यू येईपर्यंत तो त्याच जागेवर राहिला. १७३० मध्ये त्याने नगरसभेकडे एक लेखी कैफियत दाखल केली. तीत त्याने शाळेतील मुलांची प्रतवारीच लावून दिली आहे: १७ मुले उपयोगी, २० अद्याप उपयोगी नाहीत, आणि १७ अगदीच निरुपयोगी. संगीताच्या इतिहासकारांनी या कागदाचा उपयोग बहुधा एकाच कामासाठी केला आहे, तो म्हणजे एका अलौकिक प्रतिभावंताला कद्रू नगरसभेने कसे छळले हे दाखविण्यासाठी. बाखचे गाऱ्हाणे खरे होते, याविषयी वाद नाही. परंतु त्या शेवटच्या सतरा मुलांच्या बाजूनेही कोणी तरी बोलले पाहिजे. ज्यांचा गळा गायनाला निरुपयोगी ठरला, तीही मुले त्या शाळेत राहत होती, जेवत होती आणि लॅटिन शिकत होती. आणि गायकवृंदाच्या दृष्टीने जो शाळेचा दोष, तोच माझ्या दृष्टीने तिचा सर्वांत मोठा गुण आहे. ज्या दिवशी त्या सतरांना बाहेर काढले असते, त्या दिवशी गाणे कदाचित सुधारले असते. पण ती शाळा उरली नसती.

उलट उदाहरणही त्याच शतकातले आहे, आणि तेही एका थोर संगीतकाराचे. योझेफ हायडन आठव्या वर्षाच्या सुमारास व्हिएन्नातील संत स्टीफनच्या मंदिरात गायक मुलगा म्हणून दाखल झाला. त्या काळी कंठ आजच्यापेक्षा उशिरा फुटे. हायडनचा फुटला तेव्हा तो सतरा वर्षांचा होता. आणि एका सोबत्याची वेणी कापल्याच्या खोडीचे निमित्त करून १७४९ मध्ये त्याला बाहेरची वाट दाखविण्यात आली. राजधानीच्या सर्वांत प्रतिष्ठित गायकवृंदात नऊ वर्षे काढूनही संगीतरचनेचे पद्धतशीर शिक्षण त्याला तेथे जवळजवळ मिळालेच नव्हते. ते पुढे त्याने पोटासाठी शिकवण्या करीत, एका माडीवरच्या खोलीत राहून, स्वतःच संपादन केले. हायडन पुढे हायडन झाला ते त्या संस्थेमुळे नव्हे, तिच्या हयगयीला न जुमानता झाला. आणि जे हायडन नव्हते, त्यांचे काय झाले याची चौकशी फारशी कोणी करीत नाही.

आता आपल्या प्रांताकडे वळू. मुंबईच्या किल्ल्यात इंग्रजांनी आपले पहिले प्रार्थनामंदिर बांधावयास घेतले ते सतराव्या शतकात, गव्हर्नर जेराल्ड आँजियरच्या अमदानीत. परंतु भिंती काही फूट वर आल्यावर काम रखडले, आणि पुढे रिचर्ड कॉब नावाच्या धर्मोपदेशकाने चिकाटीने निधी जमवून ते पुरे केल्यावर १७१८ च्या नाताळात ते उपासनेसाठी खुले झाले. चर्चगेट हे नाव ज्यामुळे पडले ते हेच संत थॉमसचे मंदिर होय. १८३७ मध्ये मुंबई हे बिशपचे पीठ झाल्यावर या मंदिराला कॅथीड्रलची प्रतिष्ठा मिळाली, आणि कॅथीड्रल म्हटले की गाणाऱ्या मुलांचा वृंद हवा, हा इंग्लंडातील रिवाज. म्हणून १८६० मध्ये बिशप हार्डिंग आणि कॅथीड्रलचे धर्मगुरू यांनी या वृंदाला मुले पुरविण्यासाठी शाळेचा पाया घातला. पुढे १९२२ मध्ये स्कॉटिश मंडळींच्या जॉन कॉनन शाळेशी तिचे एकीकरण झाले, आणि आज कॅथीड्रल अँड जॉन कॉनन या नावाने ती देशातील अतिशय नामांकित आणि तितक्याच संपन्न घरांतील मुलांच्या शाळांत गणली जाते. होमी भाभा या शाळेचे विद्यार्थी. येथे वृंदाच्या पोटी जन्मलेल्या शाळेने वृंदाला मागे टाकले. ज्या गाणाऱ्या मुलांसाठी ती निघाली, त्यांची आठवण तिच्या नावातील एका शब्दापुरती उरली. यात खेद करण्यासारखे फारसे नाही, कारण विद्या ही गाण्यापेक्षा अधिक काळ पुरते. मात्र गरिबाच्या गळ्याची फेड म्हणून जी शाळा निघाली, ती गरिबाला परवडेनाशी व्हावी, या दैवगतीची नोंद तरी करून ठेवली पाहिजे.

गोव्याची हकीकत याहून खोल आणि अधिक गुंतागुंतीची आहे. सोळाव्या शतकापासून तेथील चर्चला लागून ज्या शाळा निघाल्या, त्यांत मुलांना अक्षरओळखीबरोबर स्वरलेखन वाचण्यास, वृंदात गाण्यास आणि व्हायोलिन वाजविण्यास शिकविले जाई. गावचा मेस्त म्हणजे या शाळेचा गायनगुरू हा गावातला मानाचा माणूस असे. या व्यवस्थेत जे मुरले ते पुढे शतकांनी मुंबईच्या चित्रपटसृष्टीत उगवले: मराठी आणि हिंदी चित्रपटांच्या सुवर्णकाळातील वाद्यमेळांत गोमंतकीय वादकांचा भरणा होता, कारण कागदावरचे स्वरलेखन पाहून तत्क्षणी वाजविणारी माणसे दुसरीकडे सहज मिळत नव्हती. माजोर्ड्याच्या चर्चमधील गायनप्रमुखाचा मुलगा अँथनी गोन्साल्विस हा त्यांतला एक. प्यारेलाल आणि राहुलदेव बर्मन यांनी त्याच्याकडे धडे घेतले. शंकर-जयकिशन यांच्या रचनांना ज्याने वाद्यमेळाचा साज चढविला तो सेबॅस्टियन डिसोझा हाही गोमंतकीयच. कंठ फुटल्यावर मुलाच्या हातात व्हायोलिन राहील आणि त्या व्हायोलिनवर त्याचा चरितार्थ चालेल, ही तजवीज गोव्यातील शाळेने जेवढी चोख केली तेवढी आपल्याकडे दुसऱ्या कोणी केली नाही.

परंतु गोव्यातील त्याच पोर्तुगीज सत्तेने १७३६ च्या इन्क्विझिशनच्या फर्मानान्वये लग्नप्रसंगीच्या ओव्या म्हणण्यास मनाई केली होती, हे विसरता कामा नये. एका हाताने मुलाला नवे गाणे द्यावयाचे आणि दुसऱ्या हाताने त्याच्या आईचे गाणे काढून घ्यावयाचे, हा व्यवहार कितीही उदार भासला तरी त्यात कर्जाची फेड आणि नवी लूट एकमेकींत मिसळलेल्या असतात. ही गोष्ट मी मुद्दाम सांगून ठेवतो, कारण नंदुरबारच्या आश्रमशाळांचा विचार करताना तीच पुन्हा वेगळ्या वेशात समोर येणार आहे.

महाराष्ट्रात मात्र मुलांच्या गळ्याचा खरा बाजार भरला तो रंगभूमीवर. १८८० मध्ये अण्णासाहेब किर्लोस्करांचे ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आले आणि गाणाऱ्या मुलांना एकाएकी मोल आले. केशवराव भोसले अगदी अजाणत्या वयात नाटक मंडळीत गेले. दीनानाथ मंगेशकर १९१४ च्या सुमारास किर्लोस्कर मंडळीत दाखल झाले आणि अवघ्या अठराव्या वर्षी, १९१८ मध्ये, त्यांनी सोबत्यांसह बलवंत संगीत मंडळी काढली. या नावांचे तेज इतके आहे की त्यांच्या मागचा अंधार दिसेनासा होतो. मंडळीचे बिऱ्हाड आज या गावी तर उद्या त्या गावी. मुलाला पदे घोटून घेणारा तालीम मास्तर होता, पण अंकगणित शिकविणारा पंतोजी नव्हता. कंठ फुटल्यावर ज्याचा आवाज पुन्हा जमून आला तो नायक झाला. ज्याचा आला नाही तो पडदे ओढण्याच्या, कपडे सांभाळण्याच्या किंवा भटारखान्याच्या कामाला लागला. केशवराव १९२१ मध्ये आणि मास्तर दीनानाथ १९४२ मध्ये गेले, दोघेही ऐन उमेदीच्या वयात. आपल्या संगीत रंगभूमीच्या इतिहासाचे ग्रंथ मी आदराने वाचतो, परंतु त्यांत त्या निनावी मुलांचे प्रकरण नसल्यामुळे ते मला नेहमी अपुरे वाटतात.

या पार्श्वभूमीवर विष्णु दिगंबर पलुसकरांचे कर्तृत्व किती निराळे होते, हे ध्यानात येईल. कुरुंदवाडला १८७२ मध्ये जन्मलेल्या आणि लहानपणी दारूकामाच्या अपघाताने दृष्टी अधू झालेल्या या माणसाने मिरजेला बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांजवळ विद्या घेतली, आणि ५ मे १९०१ रोजी लाहोरला गांधर्व महाविद्यालय उघडले. राजाश्रय सोडून लोकाश्रयावर चालविलेली संगीताची शाळा म्हणून तिची कीर्ती आहेच. पण माझ्या विषयाच्या दृष्टीने तिचा मर्मभाग म्हणजे तिचा उपदेशक वर्ग. या वर्गातील मुलांकडून नऊ वर्षांचा करारनामा लिहून घेत, आणि त्यांचे राहणे, जेवण व शिक्षण संस्था चालवी. पंडितजींच्या जलशांत, काँग्रेसच्या अधिवेशनांत, रामायणाच्या प्रवचनांत ही मुले समूहाने गात. म्हणजे स्वराचा उपयोग येथेही होत होता, आणि तो भरपूर होत होता. फरक एवढाच की करार दोन्ही पक्षांवर बंधनकारक होता. मुलगा नऊ वर्षांनी बाहेर पडे तो गवई होऊनच नव्हे, तर गाणे शिकविणारा होऊन. भडोचच्या दारिद्र्यात वाढलेला ओंकारनाथ ठाकूर एका पारशी गृहस्थाच्या साहाय्याने येथे पोचला आणि पुढे काशी हिंदु विश्वविद्यालयाच्या संगीत महाविद्यालयाचा प्रमुख झाला, विनायकराव पटवर्धनांनी १९३२ मध्ये पुण्याला विद्यालय काढले, बी. आर. देवधरांनी मुंबईला. नंदुरबार जिल्ह्यातील अक्राणीच्या डोंगरांखालून वाहणारी नर्मदा ज्या भडोचजवळ समुद्राला मिळते, त्याच भडोचचा हा मुलगा, आणि तरी नर्मदेच्या वरच्या काठावरील एकाही भिल्ल मुलाला असा आधार कोणी देऊ केला नाही, ही गोष्ट ओंकारनाथांचे चरित्र वाचताना मला नेहमी बोचते.

संस्थेला मात्र हे औदार्य झेपले नाही. १९०८ मध्ये पंडितजी मुंबईस आले, मोठी इमारत उभारली, कर्जात बुडाले, आणि १९२४ च्या सुमारास इमारत लिलावात गेली. उरलेली वर्षे त्यांनी नाशिकच्या रामनाम आधार आश्रमात काढली आणि १९३१ मध्ये देह ठेवला. हिशेबनीस म्हणेल की व्यवहार फसला. परंतु त्यांच्या पश्चात त्याच वर्षी शिष्यांनी जे मंडळ स्थापिले, त्याच्या परीक्षा आज महाराष्ट्रात गावोगावी होतात, आणि त्या इमारतीतील विटांपेक्षा शिष्यांत गुंतविलेले भांडवल टिकाऊ होते, हे सिद्ध झाले.

आळंदीस जोगमहाराजांनी १९१७ मध्ये काढलेल्या वारकरी शिक्षण संस्थेचे नाव येथे घेतले नाही तर खानदेशातील वाचक मला क्षमा करणार नाहीत. शेतकऱ्यांची मुले चार वर्षे तेथे राहून गाथा, ज्ञानेश्वरी, टाळ, मृदंग आणि अभंगगायन शिकतात, आणि परत येऊन गावात कीर्तन उभे करतात. हा शुद्ध अर्थाने आपला गायकवृंद आणि त्याची शाळा आहे. आणि ती कोणाच्या अनुकरणातून निघालेली नाही.

दूरच्या एका अलीकडच्या उदाहरणाचाही उल्लेख करतो. न्यूयॉर्कच्या हार्लेम या काळ्या लोकांच्या वस्तीत वॉल्टर टर्नबुल नावाच्या गायकाने १९६८ मध्ये गरीब मुलांचा वृंद सुरू केला; त्याची कीर्ती जगभर झाली, आणि पुढे शाळाही निघाली. गायनाची तालीम, गृहपाठाचा आग्रह आणि घरच्या अडचणींची विचारपूस या तिन्ही गोष्टी तेथे एकत्र होत. परंतु एका कर्मचाऱ्याकडून एका विद्यार्थ्यावर झालेला अत्याचार, त्यात व्यवस्थापनाने दाखविलेली अक्षम्य ढिलाई आणि वाढते कर्ज यांमुळे शाळेच्या इमारतीतून वृंदाला बाहेर पडावे लागले, २००७ मध्ये टर्नबुल निवर्तला, आणि वृंद विराम पावला. एका माणसाच्या पुण्याईवर उभी असलेली संस्था त्या माणसाच्या डोळेझाकीनेही पडते. मुलांच्या निवासी शाळेत देखरेखीची जी कडक व्यवस्था लागते, ती कीर्तीच्या भरात सर्वांत आधी सैल होते, हा धडा आश्रमशाळांच्या चालकांनी तरी पाठ करावा.

आता नंदुरबार. हा जिल्हा १ जुलै १९९८ रोजी धुळ्यापासून वेगळा झाला; २०११ च्या खानेसुमारीप्रमाणे त्याची लोकसंख्या १६ लाख ४८ हजार, तीत आदिवासी शेकडा ६९, आणि साक्षरता शेकडा ६४. नंदुरबार शहरात मुलांच्या समूहस्वराची जी एक आठवण सर्वांच्या मनात आहे, ती ९ सप्टेंबर १९४२ ची. शाळकरी मुले तिरंगा घेऊन घोषणा देत निघाली, पोलिसांनी गोळीबार केला, आणि शिरीषकुमार मेहता, लालदास शहा, धनसुखलाल वाणी, शशिधर केतकर व घनश्यामदास शहा हे पाच जण पडले. शिरीषकुमार पंधरा वर्षांचा होता. त्या पाचांच्या ऋणाची फेड कोणत्याही शाळेने होण्यासारखी नाही. मात्र त्यांच्या स्मारकापुढे दरवर्षी समूहगीत म्हणणाऱ्या मुलांना संगीताचा एक शिक्षक मिळावा, एवढी अपेक्षा ऋणाच्या व्याजादाखल करण्यास हरकत नसावी.

याहूनही मोठा वृंद त्याआधी काही वर्षे तळोद्याच्या बाजूला जमत होता, आणि शहरी इतिहासाला त्याचे नाव क्वचितच ठाऊक असते. मोरवडच्या गुलाम महाराजांनी भिल्लांना दारू सोडण्यास आणि एकमेकांना आदराने ‘आप’ म्हणण्यास सांगितले. दर सोमवारी आरतीसाठी हजारो माणसे डोंगरातून पायी येत. १९३८ मध्ये महाराज वारले, त्यांचे बंधू रामदास महाराज पुढे आले, आणि त्या आरतीच्या गर्दीने सरकारची झोप इतकी उडाली की रामदास महाराजांना पश्चिम खानदेशातून हद्दपार करण्यात आले. निःशस्त्र माणसांनी एकत्र गाणे हे सरकारला बंडासारखे वाटावे, यावरून समूहगानाच्या सामर्थ्याची कल्पना यावी. पण या वृंदालाही शाळा मिळाली नाही. ती मिळाली असती तर सातपुड्यातील शिक्षणाचा इतिहास निराळा झाला असता, असे मला राहून राहून वाटते.

सरकारी आश्रमशाळा महाराष्ट्रात १९७२-७३ पासून आल्या. आज नंदुरबार आणि तळोदा या दोन आदिवासी विकास प्रकल्प कार्यालयांच्या कक्षेत त्यांचे जाळे आहे, आणि अक्कलकुवा-धडगावच्या पाड्यांतून आलेल्या हजारो मुलामुलींना त्यांनी अक्षर दाखविले, हे नाकारणारा माणूस कृतघ्न म्हणावा लागेल. मुलाला राहण्यास जागा, जेवण आणि विद्या हे तिन्ही तेथे आहे. म्हणजे लाइपझिगच्या शाळेचा सांगाडा तयार आहे, नाही ते गाणे. की आहे? मंत्री येतात तेव्हा आहे. विश्व आदिवासी दिवसाला आहे, बिरसा जयंतीला आहे, जिल्ह्याच्या क्रीडासंमेलनाच्या उद्घाटनाला आहे. तेव्हा मुले मोरपिसांचे टोप घालून, कमरेला घुंगरू बांधून नाचतात, टाळ्या पडतात, छायाचित्रे निघतात, आणि दुसऱ्या दिवशी घंटा वाजली की ते गाणे वर्गाच्या दाराबाहेर राहते. पावरी, देहवाली, मावची किंवा भिलोरी बोलणाऱ्या मुलाने वर्गात प्रमाण मराठीत गावे, आणि पाहुण्यांसमोर मात्र आपल्या बोलीत गावे, अशी ही वाटणी. गोव्यात फर्मान काढून जे घडले, ते येथे वेळापत्रकाने घडते.

काठीच्या राजवाडी होळीला ज्यांनी रात्र जागविली आहे, त्यांना मी काय म्हणतो ते अधिक विस्ताराने सांगावे लागू नये. पहाटे होळी पेटेपर्यंत ढोलांच्या घोषात गावेच्या गावे गात-नाचत असतात, आणि त्यात आठ वर्षांचा मुलगा आणि ऐंशी वर्षांचा म्हातारा एकाच तालावर असतात. बाया वेगळ्या बसलेल्या नसतात. युरोपातील वर सांगितलेले गायकवृंद मुलग्यांचे होते. इंग्लंडात सॉल्झबरीच्या कॅथीड्रलने मुलींचा वृंद काढला तो १९९१ मध्ये. या बाबतीत सातपुड्याला कोणाकडून काही शिकावयाचे नाही, आणि गाणारी शाळा येथे निघाली तर ती मुलामुलींची निघेल, यात संशय नाही.

आक्षेप घेणारे म्हणतात की, ज्या मुलाला भागाकार येत नाही त्याला गाणे शिकविणे ही चैन आहे. हा आक्षेप हसण्यावारी नेण्यासारखा नाही, कारण भागाकार न येणारी मुले खरोखरच आहेत. परंतु हंगेरीत झोल्तान कोदाय याने आधी गावोगाव हिंडून शेतकऱ्यांची गाणी गोळा केली, आणि नंतर आग्रह धरला की मुलाचे संगीतशिक्षण त्याच्या मातृभाषेतील लोकगीतापासूनच सुरू व्हावे. १९५० मध्ये केच्केमेट या त्याच्या जन्मगावी रोज गायनाचा तास असलेली प्राथमिक शाळा निघाली, आणि तेथे इतर विषयांची हानी झाली असे कोणी दाखवून दिले नाही. आपल्याच जिल्ह्यात, नर्मदेकाठच्या चिमलखेडी आणि निमगव्हाण येथे १९९१-९२ च्या सुमारास नर्मदा बचाव आंदोलनाने ज्या जीवनशाळा काढल्या, त्यांत मुलांच्या बोलीला आणि गाण्याला वर्गात जागा मिळाली. आंदोलनाच्या राजकारणाविषयी मतभेद असू शकतात; धरणाच्या पाण्याने त्या शाळांना जागा बदलाव्या लागल्या, हीही गोष्ट खरी; पण एखाद्या सरकारी कचेरीने त्या प्रयोगाची शांतपणे तपासणी करून त्यातले घेण्याजोगे घेतले असते, तर त्यात कमीपणा नव्हता.

आणि कायद्याची आडकाठी तरी कोठे आहे? २००९ च्या शिक्षणहक्क कायद्याच्या परिशिष्टात, सहावी ते आठवीत शंभरांहून अधिक विद्यार्थी असलेल्या शाळेत कलाशिक्षणासाठी अंशकालीन निदेशक असावा, असे स्पष्ट लिहिले आहे. त्या जागेवर पदविकाधारक संगीतशिक्षक मिळत नसेल तर गावातला ढोलवादक किंवा पावा वाजविणारा म्हातारा मानधनावर बोलवावा. शैक्षणिक पात्रतेचा दाखला त्याच्याजवळ नसेल, पण ज्या विद्येचा दाखला देण्यास राज्यात दुसरी कोणी माणसेच नाहीत, तिला दाखला मागावयाचा कोणाकडे? त्याच्याकडून मुलांनी गाणी घ्यावी, ती देवनागरीत उतरवावी, त्यांचा अर्थ मराठीत लिहावा, त्यांची टिपणे शाळेच्या दप्तरी राहावी. म्हणजे गाणे गाता गाता मुलगा लेखक होईल, आणि त्याच्या बोलीची वही त्याच्याच अक्षरात तयार होईल.

नंदुरबार आणि तळोदा या दोन्ही प्रकल्प कार्यालयांना माझी विनंती आहे की, येत्या जूनपासून आपल्या कक्षेतील निदान एकेका आश्रमशाळेत हा प्रयोग सुरू करावा. समारंभासाठी मुले नेण्यापूर्वी त्यांचा वर्ग बुडणार नाही याची लेखी हमी मुख्याध्यापकाकडून घ्यावी. निवासी मुलांच्या सुरक्षिततेची तपासणी बाहेरच्या माणसांकडून व्हावी. आणि ज्या मुलामुलींना आज पाहुण्यांपुढे उभे केले जाते, ती दहावीनंतर कोठे गेली याची नोंदवही दरवर्षी जिल्हा परिषदेपुढे ठेवावी. हे जमणार नसेल, तर मंत्र्यांच्या स्वागताला मुलांचे गाणे ठेवण्याची प्रथा जिल्ह्यात बंद करावी.